कु. माणिक कर्णिक

१३ सप्टेंबर १९५३, रविवार

जयंतीकडचा गणपती पाहायचं निमित्त करून आज बोरिवलीला गेलो. ऑफिसातली मंडळी जातात तसाच मीही गेलो असं दाखवायचं आमचं ठरलं होतं. पण तिच्या आईंनी मला आत बोलावून पाटावर बसवलं, तेव्हाच समजलं की तिनं घरी सांगून टाकलंय. रत्नप्रभाबाईंनी मोदक वाढले, वर तूप घातलं आणि घरची चौकशी सुरू केली. अण्णा रिटायर झालेत, आई जाऊन चौदा वर्षं झाली, हे सगळं सांगितलं.

"आणि बहीण आहे ना तुम्हाला?"

"हो, माणिकताई. अंधेरीलाच शाळेत गणित शिकवते."

"कुठं दिलीय?"

"अजून व्हायचंय तिचं."

"धाकटी का?"

"मोठी. माझ्याहून आठ वर्षांनी."

त्यांनी मनातल्या मनात बेरीज केली असावी. तुपाचं भांडं खाली ठेवलं. त्या खाष्ट बाई नाहीत, टोमणे मारत नाहीत. अगदी साध्या आवाजात म्हणाल्या, "हे बघा विद्याधर, मुलगा म्हणून तुम्ही चांगलेच आहात. पण घरात घोडनवरी नणंद असताना त्या घरात मी मुलगी देणार नाही. सगळा संसार तिच्या हातात असतो आणि नव्या सुनेला चुलीशीही जागा मिळत नाही. आधी तिला उजवा, तिचं लग्न होऊ दे, मग या."

हा शब्द मी काही पहिल्यांदा ऐकला नाही. लहानपणी मावशीच्या तोंडून ऐकलाय, हसलोही आहे. पण तो आमच्या ताईला लागू पडतो हे कधी डोक्यातच आलं नव्हतं. ताई म्हणजे ताई. घरात घड्याळ असावं तशी ती आहे.

घरी आल्यावर तिनं विचारलं, "प्रसाद कुठाय? एकट्यानंच खाल्लास?" मोदकांची पुरचुंडी खरंच तिथेच विसरून आलो होतो.

१६ सप्टेंबर

डब्याच्या सुट्टीत जयंतीशी बोललो. ती म्हणाली, "आईचं एवढं मनाला लावून घेऊ नकोस रे. मी समजावते तिला. वर्षभर लागेल फार तर. थांबू ना आपण."

मी म्हटलं, "तुझ्या आईंचंही अगदीच चूक नाही. ताईचाही विचार करायला हवा. पुढं म्हातारपणी तिला कोण?"

"आजवर कधी केला होतास हा विचार?"

"नव्हता केला. म्हणूनच आता करतोय."

तिनं डब्याचं झाकण लावलं. मला वाटलं होतं तिला बरं वाटेल.

२० सप्टेंबर

अण्णांपाशी विषय काढला. त्यांनी वर्तमानपत्राची घडी घातली. मग म्हणाले, "माणिक उजवायची राहिली खरी." जसं काही दुरुस्त करायचं एखादं कौल राहिलं. म्हणाले, पितृपक्ष लागायच्या आत जाहिरात द्यायला हवी, पत्रिका ट्रंकेत आहे.

पत्रिका शोधताना जुनी पत्रं सापडली. तीन स्थळांची. ठाण्याचं १९४१ सालचं, पुण्याचं १९४४ चं, नागपूरचं १९४६ चं. तिन्हींत मुलगी पसंत असल्याचं लिहिलेलं. आणि प्रत्येकाला टाचणीनं अण्णांच्या उत्तराची नक्कल लावलेली, 'चि. माणिकची तूर्त विवाहाची इच्छा नाही, तरी क्षमस्व.' मला फार नवल वाटलं. आजवर मी समजत होतो की ताईला कुणी पसंतच केलं नाही. प्रत्यक्षात नकार तिचेच होते!

ताई भाजी निवडत होती. विचारलं, "ताई, पुण्याचा तो इंजिनियर तू का नाकारलास गं?"

"कुठला इंजिनियर?"

"चव्वेचाळीस सालचा. पत्र आहे ना."

तिनं हात पुसले, पत्र घेतलं, नक्कल वाचली, मग पुन्हा एकदा वाचली. अण्णांनी वर्तमानपत्र तोंडासमोर धरलं होतं. ताईनं कागद जसेच्या तसे टाचणीत अडकवले आणि म्हणाली, "काय सुरेख अक्षर होतं अण्णांचं तेव्हा." मग पुन्हा भाजी घेऊन बसली.

नऊ वर्षं झाली, विसरली असेल. मला मात्र चव्वेचाळीस साल नीट आठवतं. मी इंटरला होतो, टायफॉइड झाला होता. ताई शाळेतून आली की शिकवण्या करायची आणि मग माझ्या उशाशी बसून मला लॉजिकचं पुस्तक वाचून दाखवायची. तिला लॉजिक माझ्यापेक्षा लवकर कळायचं.

२२ सप्टेंबर

जाहिरातीचा मसुदा. मी लिहिलं होतं, 'सुस्वरूप, गृहकृत्यदक्ष, सुशिक्षित, प्रौढ कुमारिका.' ताईच्या हातात वह्या तपासायची लाल पेन्सिल होतीच. तिनं 'प्रौढ'खाली रेघ मारली.

"हे काढ. साक्षरतेचा वर्ग उघडल्यासारखं वाटतं."

"मग काय लिहू? थोराड? वयस्क?"

"वय आकड्यात लिही. आकडा कुणाला हिणवत नाही." मग पेन्सिल कानावर ठेवून म्हणाली, "बोरिवलीच्या बाई काय म्हणाल्या रे मला?"

मी नाही म्हटलं, पण ती सोडेना. शेवटी सांगितलं. वाटलं होतं चिडेल. ती हसली.

"घोडनवरी! यात घोडं कुठून आलं कोण जाणे. घोड्यांची लग्नं कुठं उशिरा होतात?" थोड्या वेळानं म्हणाली, "आणि पस्तिशीचा बिनलग्नाचा पुरुष असेल तर त्याला काय म्हणायचं?"

"ब्रह्मचारी."

"बघ. त्याला आश्रम आहे. मला तबेला."

दोघंही हसलो. अशी विनोदी बाई कुणाच्याही घरात खपून जाईल, असं मला वाटतं. जाहिरातीत 'विनोदी स्वभाव' घालू का विचारलं तर नको म्हणाली. त्यानं लोक घाबरतात म्हणे.

१४ ऑक्टोबर

जाहिरातीला आतापर्यंत दोन उत्तरं. एक गृहस्थ सत्तावन्न वर्षांचे. दुसऱ्यानं मुलीचा फोटो मागवला होता, पाठवला, पुढं काही नाही.

आज शेजारच्या सुळेकाकू नवरात्राच्या कुमारिका जेवायला बोलवण्यासाठी चाळभर फिरत होत्या. आमच्या दारात थांबून बोलत होत्या तेवढ्यात त्यांची सहा वर्षांची नात म्हणाली, "आजी, माणिकताईंना पण बोलाव ना. त्या पण कुमारिका आहेत. शाळेच्या फळ्यावर कु. लिहिलंय त्यांच्या नावापुढं."

काकूंनी तिला चापट मारली आणि तोंडाला पदर लावला. ताई मात्र अगदी झकास बोलली, "मला बोलावलंत तर बाकीच्या आठजणी उपाशी राहतील काकू. मी एकटीच नऊ पुरणपोळ्या खाईन." सगळे मनमोकळे हसले आणि प्रसंग निभावला.

नंतर ती वह्या तपासायला बसली. मी मध्येच पाहिलं तर पाऊण तास एकच वही समोर. पोट दुखतंय का विचारलं. नाही म्हणाली.

१९ ऑक्टोबर

बडोद्याहून पत्र. श्यामसुंदर दिघे, वय एक्केचाळीस, बिजवर, आठ वर्षांची मुलगी. आपल्यातलेच. पत्र थोरले भाऊ नंदकिशोर यांनी लिहिलंय. 'मुलगी फार लहान नसावी, समंजस असावी, शुश्रूषेची आवड असावी.' अण्णा म्हणाले, असं वयाची अट न घालणारं स्थळ पुन्हा येणार नाही. जयंतीला सांगितलं. ती म्हणाली, "शुश्रूषा कुणाची?" मी म्हटलं, लहान मुलगी आहे ना घरात.

२५ ऑक्टोबर, रविवार

चहापोह्यांचा कार्यक्रम ताईला नकोच होता, तेव्हा आरे कॉलनीत भेटायचं ठरलं. गोरेगावहून बसनं गेलो. गोठ्यांच्या बाजूनं वर चढून गेलं की बाग लागते. चढाच्या पायथ्याशी दिघे मंडळी आधीच येऊन थांबली होती.

श्यामसुंदरराव दिसायला देखणे आहेत, पण फार वाळलेले. या उकाड्यातही गळ्याला लोकरीचा मफलर. बोलणं सगळं नंदकिशोरच करत होते. चढावर श्यामसुंदरराव तीनदा दगडावर टेकले; प्रवासाची दगदग, असं नंदकिशोर म्हणाले. दूध घेतलं तेव्हा त्यांनी स्वतःचा पेला पिशवीतून काढला. क्षमा नावाची ती मुलगी गुणी वाटली. बापापासून चार हात अंतर ठेवून, शिकवल्यासारखी उभी असते. ताईनं तिला जवळ बोलावलं, तशी आधी काकांकडे बघून मग आली.

ताई आणि श्यामसुंदरराव दहा मिनिटं बाकावर बसले होते. ताईनं काहीतरी एकच विचारलेलं दिसलं. मग तेच बोलत होते, मान खाली घालून, बराच वेळ.

परतताना मी विचारलं, "काय बोललात?"

"खरं बोलले ते. माणूस चांगला आहे."

म्हणजे पसंत आहे! मला खरं तर बसमध्येच नाचावंसं वाटलं. मनात एक बारीक शंका येऊन गेली, तीही इथे लिहून ठेवतो, प्रामाणिकपणा म्हणून. तो मफलर. पण काहींना वाराच सोसत नाही.

२७ ऑक्टोबर

ताईनं अजून हो म्हटलेलं नाही. संध्याकाळी ओसरीवर ती कमळला बीजगणित शिकवत होती. वेसाव्याची मंजुळा मासळी घेऊन आमच्याकडे येते, तिची ही मुलगी. यंदा एस. एस. सी.ला आहे. मंजुळा पाटी उतरवून बसली होती. कुठून तरी तिच्या कानावर गेलेलं.

"बाईचं लगीन करताव? कशापायी?"

मी म्हटलं, "लोक काहीबाही नावं ठेवतात मंजुळाबाई, बिनलग्नाच्या बाईला."

"आमच्या वेसाव्यात एकच नाव हाय. बाई. हिचा बाप बंदरावर कुनाला हात जोडत नाय, पन बाई रस्त्यात दिसली का हात जोडतो." आणि पाटी उचलून गेली. त्यांच्यात वेगळं असतं सगळं.

कमळ गेल्यावर ताई म्हणाली, "मोठ्या बाई मार्चअखेर रिटायर होतायत. त्यांच्या जागी मी यावं असं त्यांच्या मनात आहे."

"हेडमिस्ट्रेस! कधी बोलल्या?"

"श्रावणात."

म्हटलं, "बडोद्यालाही शाळा आहेत. सयाजीरावांचं शहर ते."

"विदू, जयंती थांबेल का रे वर्षभर?"

जयंती थांबायला तयार आहे, हे मी सांगायला हवं होतं. पण थांबून पुढं काय? पुन्हा जाहिरात, पुन्हा सत्तावन्न वर्षांचे गृहस्थ. म्हटलं, "तिची आई थांबणार नाही."

ताई "हं" म्हणाली. मीच पुढं म्हटलं, "श्यामसुंदररावांची प्रकृती मात्र मला जरा नाजूक वाटली."

तिनं मान वर केली. "तुला वाटली?"

"वाटली थोडी. पण हवापालट, वेळेवर जेवण मिळालं की सुधारते."

ती माझ्याकडे बघत राहिली. मी काहीतरी आणखी बोलेन अशी वाट बघत असावी. मग म्हणाली, "बरं. लिही पत्र. हो म्हणून कळव."

पत्र लगेच लिहिलं. ऑफिसला जाताना टाकेन.

१ डिसेंबर

परवा लग्न पार पडलं. थोडक्यात, पण व्यवस्थित. श्यामसुंदररावांना होमाच्या धुराचा त्रास झाला म्हणून विधी आटोपते घेतले. त्यांच्या घरच्या पद्धतीप्रमाणे ताईचं नाव बदललं. आता ती शालिनी. तांदळात नाव काढताना नवरदेवांचा हात थरथरला तर ताईनंच त्यांचं बोट धरून शेवटचा वेलांटीचा फराटा पुरा केला. मंडपात सगळे हसले.

सुळेकाकू म्हणाल्या, "सुटलात बाबा अण्णा. उजवलीत एकदाची." अण्णांनी डोळे पुसले.

शाळेतून निरोप घेऊन आली त्या दिवशी तिनं हजेरीपटाच्या रिकाम्या पानांची एक वही करून आणली होती. कमळला उरलेली सगळी गणितं त्यात सोडवून दिली. पायरीन् पायरी लिहून. कमळ रडत होती. ताई म्हणत होती, "अगं, गणिताला बाई लागत नाही. पायऱ्या लागतात."

घर फार शांत झालंय. सकाळी दुधाच्या बाटल्या आणायचं लक्षातच राहत नाही.

१४ जानेवारी १९५४

संक्रांत. ताईचं पत्र आलं. खाली सही 'सौ. शालिनी दिघे'. हे कुणाचं पत्र म्हणून क्षणभर कळेचना.

लिहिलंय, 'ह्यांना गावाबाहेर हवेशीर ठिकाणी ठेवलं आहे. मी सकाळी जाते, दिवे लागायच्या आत येते. त्यांना आता पुस्तक हातात धरवत नाही, म्हणून मी वाचून दाखवते. क्षमाला अपूर्णांक मुळीच येत नव्हते, आता येतात. तुझ्या लग्नाचं काय ठरलं ते सविस्तर कळव.'

तिची ही पहिली संक्रांत. काळं लुगडं पाठवायचं राहून गेलं.

३१ जानेवारी, रविवार

बोरिवलीला गेलो. रत्नप्रभाबाईंनी या वेळी जेवूनच जा म्हटलं. वैशाखातला मुहूर्त धरायचा, असं जवळजवळ ठरलं. मी इतका आनंदात होतो की जयंती गप्प आहे हे जेवण होईपर्यंत लक्षातच आलं नाही.

नंतर मागच्या अंगणात तिनं ताईचं पत्र मागितलं. खिशातच होतं. वाचून म्हणाली, "हे सॅनिटोरियम आहे विद्याधर."

"हो. तसंच असणार."

"तुला कधी कळलं?"

खोटं बोललो असतो तर चाललं असतं. पण जिच्याशी लग्न करायचं तिच्यापाशी लपवाछपवी नको, असं मला वाटतं. मी म्हटलं, "शंका आरे कॉलनीतच आली होती."

तिनं पत्राच्या घड्या होत्या तशा घालून मला परत दिलं. निघताना फाटकापर्यंत आली नाही. भांडी घासायची असतील.

९ मार्च

बडोद्याची तार. श्यामसुंदरराव काल सकाळी गेले.

अण्णा तार हातात घेऊन बसून आहेत. "सव्वातीन महिने," एवढंच म्हणाले.

१३ मार्च

बडोद्याला जाऊन आलो. ताईला धड भेटता आलं नाही. आतल्या अंधाऱ्या खोलीत बायकांच्या गराड्यात बसली होती. क्षमा तिच्या मांडीवर झोपलेली. मी दारातून "ताई" म्हटलं. तिनं मान हलवली आणि बोट ओठांवर ठेवलं, मुलगी उठेल म्हणून.

२१ मार्च, रविवार

आज जे झालं ते जसंच्या तसं लिहितो, कारण मला ते अजून नीट उमगलेलं नाही.

जयंतीनं जुहूच्या वाळूत भेटायला बोलावलं होतं. मला वाटलं, ताई विधवा होऊन परत येणार म्हणून आईंनी पुन्हा काही काढलं असेल. तसं विचारलंही.

"आई तर काढतेच आहे. पण हे आईचं नाही, माझं आहे. मी लग्न करणार नाही तुझ्याशी."

"का?"

"मी वर्षभर थांबते म्हटलं होतं. तू तिला ते सांगितलंस?"

"सांगून काय उपयोग होता?"

"सांगितलंस का?"

"नाही."

ती वाळूत बोट खुपसत होती. मी म्हटलं, "जयंती, जे केलं ते तुझ्यासाठीच केलं ना मी!"

"तेच तर. त्या बाईंनी तुला वाढवलं. त्या वाटेत आल्या तर तू त्यांना तिथे पाठवलंस. उद्या मी कशाच्या तरी वाटेत आले तर मला कुठं पाठवशील?"

मी तिला समजावलं की ताईनं स्वतः हो म्हटलं होतं, कुणी जबरदस्ती केली नव्हती. ती म्हणाली, "माहीत आहे मला. तुमच्याकडे कुणीच जबरदस्ती करत नाही." उठली, पदराची वाळू झटकली आणि निघून गेली.

अण्णांना सांगितलेलं नाही. महिन्याभरात निवळेल कदाचित.

५ एप्रिल

निवळलं नाही. तिनं दुसऱ्या सेक्शनला बदली मागून घेतली.

शाळेत जाऊन आलो. मोठ्या बाईंची जागा भरली, पुण्याहून कुणी आल्यात. पण मोठ्या बाई सामान आवरायला आल्या होत्या, त्या स्वतः म्हणाल्या, "माणिकला म्हणावं, साधी शिक्षिका म्हणून जूनपासून ये. नव्या बाईंशी बोलून ठेवलंय मी. मुली अजून विचारतात." ताईला हे कधी एकदा सांगतो असं झालंय. निदान एवढं तरी सावरता येईल.

१८ एप्रिल, रविवार

नंदकिशोर ताईला घेऊन आले. चार दिवसांसाठी. त्यांनी माझ्याशी आणि अण्णांशी अगदी स्पष्ट बोलून घेतलं. "शालिनीला इथं राहायचं तर राहू दे, आमची हरकत नाही. यायचं तर क्षमाकडे बघायला कुणी हवंच आहे. मात्र घर लहान, माझी पाच मुलं. माजघरात झोपावं लागेल, आणि स्वयंपाकाचं बघावं लागेल. गुरुवारी मी परत जाणार, तोवर ठरवा." आणि ते दादरला कुणाकडे उतरायला गेले.

ताईचं कपाळ पाहवत नाही. सुळेकाकूंनी दारातूनच विचारपूस केली, आत आल्या नाहीत. मंजुळा मात्र थेट स्वयंपाकघरात येऊन तिच्या गळ्यात पडली. कमळनं गणिताचा पेपर अर्धा कोरा दिला म्हणे. ताईनं विचारलं, "वही होती ना गं तुझ्याजवळ?" कमळ म्हणाली, "वहीला विचारता येत नाय बाई."

"हितंच रव्हा," मंजुळा जाताना म्हणाली. ताई नुसती हसली.

२० एप्रिल

काल आणि आज ताई थोडी बोलती झाली. अण्णांचे सदरे उसवले होते ते शिवले. मला म्हणाली, "एक गंमत सांगू? कुमारी होते तोवर प्रत्येक नवा माणूस 'का बरं?' म्हणून बघायचा. आता कुणी काही विचारत नाही. एकदम सगळ्यांना समजते मी." मग सुई दातात धरून म्हणाली, "एवढ्यासाठी केवढी यातायात."

मी तिला शाळेचं सांगितलं. तिचे हात थांबले.

"जूनपासून? खरंच म्हणाल्या?"

"माझ्यासमोर म्हणाल्या."

"क्षमालाही आणता येईल. नंदकिशोर नको म्हणणार नाहीत, त्यांना एक तोंड कमीच. तिला इथल्याच शाळेत घालू. अभ्यासाला हुशार आहे रे, फक्त कुणी बसलं नव्हतं तिच्यापाशी." इतकं भराभर बोलताना मी तिला कित्येक महिन्यांत ऐकलं नव्हतं. मग ती एकदम थांबली. "पण तुझं काय ठरलं? वैशाख आलाच की. जयंतीच्या आईंना चालणार आहे का मी घरात? आणि आता अशी?"

सांगायचं होतं. तोंड उघडलं होतं मी. पण मग तिला कळणार की तिनं जे केलं ते सगळं फुकट गेलं, शाळा, नाव, सगळं. तिच्याकडे उरलंय काय, तर माझं लग्न. ते मी कसं काढून घेऊ?

मी म्हटलं, "ठरलंय. वैशाखातच."

"अरे वा!" तिनं माझ्या डोक्यावरून हात फिरवला. लहानपणी पास झालो की फिरवायची तसा. आणि थोड्या वेळानं म्हणाली, "मग मी इथं नको विदू."

"असं काही नाही ताई."

"आहे. घोडनवरी चालली नाही तिथं ही काय चालणार? नवी मुलगी घरात पाऊल टाकेल, तेव्हा समोर मी नको. मोठ्या बाईंना माझा नमस्कार सांग. म्हणावं, जमत नाही."

अजूनही मी बोलू शकलो असतो. मी म्हटलं, "बघ, तुला योग्य वाटेल तसं."

एक मात्र खरं, तिच्या चेहऱ्यावर समाधान होतं. तेवढं मी देऊ शकलो.

२२ एप्रिल

सकाळी नंदकिशोर आले. ताईची ट्रंक मीच टांग्यात ठेवली. अण्णांच्या पाया पडली तेव्हा त्यांनी तिचा हात धरून ठेवला, सोडवेना त्यांना. मला वाटलं, आता ते म्हणतील राहा म्हणून. पण म्हणाले, "जपून जा."

मी स्टेशनवर येतो म्हटलं तर नको म्हणाली, ऑफिसला उशीर होईल. टांग्यात बसल्यावर पदर सारखा केला आणि खाली वाकून हळूच बोलली, नंदकिशोरांना ऐकू जाऊ नये अशा बेतानं.

"लग्नाला मला बोलावू नका हं. बोलावलंत तर यावंसं वाटेल. फोटो मात्र पाठव. जयंती शालूत कशी दिसते ते बघायचंय मला."

मी म्हटलं, "पाठवतो."